पानामागे किती? घरच्या आणि ऑफिसच्या प्रिंटिंगचा हिशेब

आमच्या मुलुंडच्या सोसायटीत कुणाकडे प्रिंटर आहे ही गोष्ट लपून राहत नाही. घरात खोका आला की आठवड्याभरात जिन्यात कुणीतरी गाठतंच, "काका, फक्त एकच प्रिंट हवी होती, झेरॉक्सवाला बंद झालाय." ती एक प्रिंट म्हणजे बहुतेक वेळा शाळेचा चार पानी रंगीत प्रोजेक्ट असतो. मी नाही म्हणत नाही. पण एकदा वैतागून हिशेब मांडला की हे एक पान मला नक्की कितीला पडतं. उत्तर आलं पाच रुपये एकोणऐंशी पैसे, तेही साधं काळं. खालचा झेरॉक्सवाला पाच रुपयांत देत होता. घरात यंत्र पाळून मी दुकानापेक्षा महाग छापत होतो.

त्यानंतर घरी दुसरं यंत्र आलं, फोर्टमधल्या आमच्या बारा माणसांच्या ऑफिसातल्या छपाईची बिलं माझ्या टेबलावर येऊ लागली आणि सोसायटीची खजिनदारीही गळ्यात पडली. या तीन ठिकाणी ठेचा खाऊन जे कळलं ते नव्याने प्रिंटर घेणाऱ्यांसाठी क्रमाने लिहितो. एक गोष्ट आधीच सांगतो. काटकसरीचे जे उपाय सर्रास सांगितले जातात, ते सगळे सगळ्यांना लागू पडत नाहीत. तुमचा पैसा यंत्रात जातोय, शाईत जातोय की कागदात, हे कळल्याशिवाय 'ड्राफ्ट मोड लावा' नि 'पाठपोट छापा' हे सल्ले म्हणजे आजार न विचारता दिलेली गोळी.

पहिली पायरी: महिनाभर फक्त मोजा

प्रिंटरशेजारी एक वही ठेवा आणि तिला दोरीने पेन बांधा (न बांधलेलं पेन दोन दिवसांत जातं). तारीख, किती पानं, काळी की रंगीत, कशासाठी, एवढंच लिहायचं. वहीचा कंटाळा असेल तर यंत्र स्वतःही मोजत असतं. जवळजवळ सगळ्या लेसर (पुडीने छापणाऱ्या) आणि बऱ्याच इंकजेट (पातळ शाई उडवणाऱ्या) प्रिंटरांच्या सेटिंगमधून 'स्टेटस पेज' छापता येतं, त्यावर आजवर निघालेल्या पानांचा आकडा असतो. एक तारखेला एकदा आणि पुढच्या एक तारखेला एकदा पाहून वजाबाकी करा.

मी मात्र वहीच्या बाजूने आहे, कारण 'कशासाठी' हे यंत्र सांगत नाही. माझी बायको आठवी ते दहावीच्या गणिताच्या शिकवण्या घेते. महिन्याला शंभर पानं निघत होती आणि ती सगळी चाचण्यांची असणार असं आम्ही धरून चाललो होतो. वहीत दिसलं की त्यातली बावीस पानं 'परत काढली' या सदरात होती. समास कापला गेला, एक आकडा चुकला, शेवटची एकच ओळ दुसऱ्या पानावर गेली, अशा कारणांनी. यावरचा उपाय फुकट होता: वीस प्रती हव्या असतील तर आधी एक काढायची, नीट वाचायची, मग उरलेल्या एकोणीस.

दुसरी पायरी: पानाचा भाव काढा

पानाची किंमत तीन तुकड्यांची बनते. यंत्राची किंमत भागिले ते आयुष्यभरात छापेल ती पानं, शाईची किंमत भागिले त्या शाईत निघणारी पानं, आणि कागद. विजेचं पुढे एका वाक्यात बघू, ती इतकी क्षुल्लक आहे.

शाईच्या खोक्यावर 'इतकी पानं' असा आकडा असतो, तो नेमका कशाचा हे समजून घ्या. रंगीत इंकजेटसाठी आयएसओ/आयईसी २४७११ आणि काळ्या लेसर टोनरसाठी (लेसरची शाई म्हणजे ही पूड) १९७५२ अशी आंतरराष्ट्रीय मानकं आहेत. त्यांत ठरावीक नमुना पानं एकामागून एक छापून मोजतात. काळ्या मजकुराचं नमुना पान साधारण पाच टक्के शाईचं धरतात, म्हणजे पानाचा शंभरातला पाच भाग काळा, बाकी कोरा. आपण घरी तसं छापत नाही. आज दोन पानं, मग चार दिवसांनी एक, असं चालतं आणि मधल्या काळात इंकजेट यंत्र स्वतःची तोंडं धुण्यात शाई खर्च करतं. म्हणून खोक्यावरच्या आकड्यातून थोडी घट धरलेली बरी. दुसरं, मुलं क्लासच्या स्लाइड्स छापतात, त्यांना काळी किंवा गडद निळी पार्श्वभूमी असते. असं पूर्ण भरलेलं पान पाच टक्क्यांच्या पानाच्या वीसपट शाई पिऊ शकतं. एका रात्री अशा तीस स्लाइड्स छापून काडतूस, म्हणजे शाईची बदलायची डबी, संपवल्याचं उदाहरण आमच्याच मजल्यावर आहे.

आता गणित. भाव बदलत राहतात, म्हणून इथले आकडे केवळ उदाहरणाचे समजा आणि त्या जागी तुमचे घाला. यंत्र पाच वर्षं टिकेल असं धरू.

काडतुसाचा स्वस्त प्रिंटर ४,५०० रुपयांचा, काळं काडतूस ८०० रुपयांचं, त्यात १८० पानं. इंक टँकचा प्रिंटर (यात बाटलीतली शाई टाकीत ओततात) १३,००० चा, काळ्या शाईची बाटली ४०० रुपयांची, तिच्यात ४,५०० पानं. काळा लेसर १२,००० चा, टोनर २,००० चा, त्यात १,५०० पानं. कागद ३०० रुपये रीम (५०० कागदांचा गठ्ठा), म्हणजे पानाला ६० पैसे.

महिन्याला शंभर पानं, पाच वर्षांत सहा हजार. काडतूसवाल्याचं पान: यंत्राचे ७५ पैसे, कागदाचे ६०, शाईचे ४ रुपये ४४ पैसे, मिळून ५.७९. टँकवाल्याचं: यंत्राचे २.१७, कागदाचे ६० पैसे, शाईचे जेमतेम ९ पैसे, मिळून २.८६. लेसरचं: २ रुपये, ६० पैसे आणि १.३३, मिळून ३.९३.

हाच हिशेब महिन्याला फक्त वीस पानांचा करा. पाच वर्षांत बाराशे पानं होतात. टँकचं पान आता साडेअकरा रुपयांना पडतं, कारण तेरा हजारांचं यंत्र बाराशे पानांवरच वाटलं जातंय. काडतुसाचं पावणेनऊला. आणि खालचा झेरॉक्सवाला पाचलाच देतोय! उलट महिन्याला हजार पानं असतील तर टँकचं पान ९१ पैशांवर येतं.

या उदाहरणात टँक आणि दुकान यांची बरोबरी महिन्याला सुमारे पन्नास पानांवर होते. त्याखाली असाल तर, वेळ, पाऊस आणि रात्री अकराला आठवलेला शाळेचा प्रोजेक्ट यांची किंमत मनाशी धरूनच प्रिंटर घ्या. मी ती किंमत बरीच मोठी धरतो, हे कबूल करतो.

पैसा कुठे जातो हेही याच आकड्यांत दिसतं. काडतूसवाल्याचा तीन चतुर्थांश पैसा शाईत आहे, त्याने शाई वाचवावी. भरपूर छापणाऱ्या टँकवाल्याचा दोन तृतीयांश खर्च कागदाचा आहे, त्याने पाठपोट छापावं. पाठपोट छापल्याने दोघांचेही पानामागे ३० पैसेच वाचतात, पण टँकवाल्यासाठी ती एक तृतीयांश बचत आहे, तर काडतूसवाल्यासाठी पाच टक्के. आणि टँकवाल्याने फिकट ड्राफ्ट मोडमध्ये छापून डोळे ताणणं म्हणजे पानामागे दोन-तीन पैशांसाठी स्वतःला छळणं.

तिसरी पायरी: यंत्र निवडताना

स्वस्त प्रिंटर आणि महाग काडतूस हा आवळा देऊन कोहळा काढण्याचा धंदा आहे आणि तो जगभर चालतो. त्यामुळे दुकानात शिरल्यावर पहिला प्रश्न यंत्राच्या किमतीचा नको. विचारा, शाईचा किंवा टोनरचा नंबर काय, तो कितीला आणि त्यात किती पानं. मग तिथेच मोबाइलवर भागाकार करा.

ग्रँट रोड स्टेशनपासून चालत लॅमिंग्टन रोडला गेलात तर दहा दुकानांत भाव विचारता येतो आणि घासाघीसही होते. फक्त पक्कं, जीएसटीचं बिल घ्या. वॉरंटीच्या वेळी तेच लागतं. व्यवसायाची नोंदणी असेल तर बिलावर आपला जीएसटी क्रमांक घालून घ्यायला विसरू नका.

आणखी काही गोष्टी विचारून घ्या. नव्या लेसरसोबत बहुतेकदा अर्धवट भरलेला 'स्टार्टर' टोनर येतो. तो महिन्यात संपला की लोक घाबरतात, तर घाबरू नका, पण तो पूर्ण टोनर समजून हिशेबही करू नका. काही लेसरांत ड्रम (पूड कागदावर उमटवणारा रूळ) टोनरपासून वेगळा असतो आणि तोही काही हजार पानांनी बदलावा लागतो, त्याचा भाव आधीच लिहून घ्या. इंकजेटमध्ये शाई उडवणारं डोकं, म्हणजे हेड, कुठे आहे ते बघा. एचपी, कॅनन यांच्या बऱ्याच काडतुसांवरच हेड असतं. वाळलं तर काडतूस बदललं की काम होतं. एप्सनमध्ये हेड यंत्रात असतं, ते टिकतं भरपूर, पण कायमचं बंद पडलं तर दुरुस्ती महाग. आपोआप पाठपोट छापणारं यंत्र असेल तर थोडे पैसे जास्त गेले तरी घ्या. हाताने पान उलटायची सोय सगळ्यांतच असते, पण दहाव्या दिवशी ती कुणीही वापरत नाही.

लेसर की टँक? रोज रंग लागत नसेल, पानं मध्येच महिनाभर निघत नसतील आणि कागद भिजण्याची शक्यता असेल तर काळा लेसर. टोनर वाळत नाही आणि पाण्याने पसरत नाही. साध्या डाय (पाण्यात विरघळणाऱ्या रंगाच्या) शाईवर पाण्याचा थेंब पडला की अक्षरं निळसर ओघळतात. जुलैत लोकलमधून कागदपत्रं नेणाऱ्याला हे समजावून सांगायला नको. टँक घ्यायचाच असेल तर काळी शाई पिगमेंटची (न विरघळणाऱ्या बारीक रंगकणांची) असलेलं मॉडेल शोधा, ती बऱ्यापैकी पाणी सोसते.

चौथी पायरी: एकदाच बसून सेटिंग लावा

प्रत्येक वेळी आठवणीने बचत करायची म्हटलं तर होत नाही. म्हणून कॉम्प्युटरच्या प्रिंटर सेटिंगमध्ये जाऊन नेहमीसाठी काळं-पांढरं आणि पाठपोट असं लावून टाका. रंग हवा तेव्हा मुद्दाम बदलायचा. 'ग्रेस्केल' लावूनही काही इंकजेट यंत्रं काळा रंग तिन्ही रंग मिसळून तयार करतात. 'फक्त काळी शाई' असा वेगळा पर्याय दिसला तर तो निवडा.

छापण्याआधी प्रिव्ह्यू बघा. वेब पान थेट छापलं तर जाहिराती, मेन्यू आणि शेवटी एक रिकामं पान येतं. ब्राउझरचा रीडर व्ह्यू लावून छापा किंवा हवा तेवढा मजकूर निवडून 'सिलेक्शन' छापा. वाचून टाकायच्या कागदांसाठी एका बाजूवर दोन पानं बसवा, ए-४ वर ती आरामात वाचता येतात.

ऑफिसात कागदाचा सगळ्यात मोठा शत्रू एक्सेल. कुणीतरी दूरच्या रकान्यात एक टिंब टाकून ठेवलेलं असतं आणि प्रिंट दिली की चाळीस पानं बाहेर पडतात, त्यांतली तीस कोरी. प्रिंट एरिया ठरवा, पान आडवं करा आणि सगळे रकाने एका पानाच्या रुंदीत बसवा. उंची मोकळी सोडा, नाहीतर अक्षरं मुंगीएवढी होतात.

मोबाइलने काढलेला कागदाचा फोटो तसाच छापू नका. त्यातला पांढरा कागद यंत्राला करडा दिसतो आणि ते अख्खं पान करडं रंगवत बसतं. स्कॅनरच्या ॲपमधून पार्श्वभूमी पांढरी करून पीडीएफ बनवली की शाई वाचते आणि अक्षरही उठून दिसतं.

मराठी मजकुराचं वेगळं

इंग्रजी फाँट बदलून शाई वाचवण्याची चर्चा खूप होते. २०१० मध्ये अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन-ग्रीन बे विद्यापीठाने ईमेलचा नेहमीचा फाँट एरियलऐवजी सेंच्युरी गॉथिक केला, कारण त्याच्या रेषा बारीक. पण तो फाँट रुंद आहे, त्यामुळे मजकूर दुसऱ्या पानावर गेला तर शाईत वाचवलेलं कागदात जातं.

देवनागरीत माझ्या मते शाईपेक्षा ओळींमधल्या अंतराचा प्रश्न मोठा आहे. वर वेलांट्या, मात्रा, रफार आणि खाली उकार, ऋकार, जोडाक्षरांचे पाय, या सगळ्यांना जागा लागते. वर्डमध्ये मंगल फाँट घेतला की तो ओळींमध्ये ऐसपैस जागा सोडतो आणि पानं वाढतात. कोकिळा किंवा अपराजिता हे फाँट आटोपशीर आहेत. ते त्याच पॉइंटला बारीक दिसतात, म्हणून मंगल १२ च्या जागी १६-१७ पॉइंट घ्या आणि पान तुलना करून बघा. मंगलच ठेवायचा असेल तर परिच्छेदाच्या सेटिंगमध्ये ओळींचं अंतर 'एक्झॅक्टली' करून पॉइंटात द्या, फक्त रफार किंवा उकार कापला जात नाही ना हे छापून तपासा.

आमच्या सोसायटीच्या वार्षिक सभेचा अहवाल मंगलमध्ये चोवीस पानी होत असे, एका बाजूने छापलेला. चौऱ्याऐंशी सभासद, म्हणजे २,०१६ कागद. फाँट आणि समास नीट केल्यावर तो वीस पानांत बसला, पाठपोट काढल्यावर प्रत दहा कागदांची झाली, एकूण ८४०. सभेत एका ज्येष्ठ सभासदांनी विचारलं, "अहो, यंदा अहवाल एवढासाच का? काही लपवताय का?" त्यांना मी मागच्या वर्षीची प्रत शेजारी ठेवून मजकूर मोजून दाखवला. खजिनदारीत हेही करावं लागतं.

कागद आणि आपला पावसाळा

कागदाचा जीएसएम म्हणजे एका चौरस मीटरचं वजन ग्रॅममध्ये. घरच्या कामाला ७० किंवा ७५ पुरतो. पाठपोट छापताना ७० मध्ये मागची अक्षरं थोडी दिसतात, म्हणून मी ७५ घेतो. स्वस्त रीममध्ये कागद कमी भरतात किंवा पातळ असतात अशी शंका आली तर स्वयंपाकघरातल्या वजनकाट्यावर ठेवा. ५०० कागदांची ए-४ रीम ७० जीएसएमला साधारण २ किलो १८० ग्रॅम, ७५ ला २ किलो ३४० आणि ८० ला अडीच किलो भरते. वेष्टनाचे थोडे ग्रॅम वर.

घाऊक भावाच्या मोहाने मी एकदा अब्दुल रहमान स्ट्रीटवरून पाच रीमचा खोका उचलला आणि संध्याकाळी सहाच्या लोकलने मुलुंडला आणला. पावणेबारा किलो. रीममागे वाचलेले पैसे हमालाला दिले असते तर बरं झालं असतं. ऑफिससाठी टेम्पोने येत असेल तर घाऊक घ्या, घरासाठी कोपऱ्यावरचं दुकान ठीक आहे.

जून ते सप्टेंबर मुंबईची हवा कागदात शिरते. दमट कागद लेसरच्या उष्णतेतून जाताना वळतो, दोन-दोन मिळून ओढला जातो, अडकतो. इंकजेटमध्ये अक्षरांच्या कडा फुटतात. दर अडकण्यामागे दोन-तीन कागद जातात आणि आतला रोलर दुखावतो तो वेगळाच. रीमचं वेष्टन काढून मोकळी ठेवू नका, हवे तेवढेच कागद ट्रेमध्ये घाला, उरलेले वेष्टनातच घट्ट गुंडाळून झाकणाच्या डब्यात किंवा लोखंडी कपाटात आडवे ठेवा. जमिनीवर किंवा बाहेरच्या भिंतीला टेकवून कधीच नाही. घालण्याआधी गठ्ठा हातात घेऊन पत्त्यांसारखा फडकवा.

पाठकोरे कागद वापरायची आपल्याला सवय आहे आणि चांगली आहे, पण ते हाताने लिहायला, आकडेमोडीला, मुलांच्या चित्रांना द्या. यंत्रात परत घालायचे असतील तर पिन काढलेली, कडा सरळ आणि कागद सपाट हवा. आणि मागच्या बाजूला कुणाचं आधार कार्ड किंवा बँकेचं पान असेल तर तो कागद फाडूनच टाका. आमच्या ऑफिसातून एकदा एका ग्राहकाला कोटेशन गेलं, ज्याच्या पाठीवर दुसऱ्या ग्राहकाचं कोटेशन होतं. त्या दिवशी वाचलेले साठ पैसे फार महाग पडले.

शाई वाया कशी जाते

आपल्याकडे रात्री भिंतीवरचा स्विच बंद करायची शिस्त असते. इंकजेटच्या बाबतीत ती उलटते. यंत्राच्या स्वतःच्या बटणाने बंद केलं तर हेड जागेवर जाऊन त्याच्या तोंडावर टोपी बसते. थेट मुख्य वीज तोडली तर हेड अधेमध्ये उघडं राहू शकतं, शाई वाळते आणि पुढच्या वेळी यंत्र साफसफाईत शाई ओतून मोकळं होतं. आधी यंत्राचं बटण, दिवा विझू द्या, मग हवं तर भिंतीवरचा स्विच. तसं पाहिलं तर झोपलेल्या प्रिंटरला दोन वॉट लागले तरी वर्षभरात साडेसतरा युनिट होतात. शाईच्या एका बाटलीपेक्षा ती वीज स्वस्तच पडते.

आठवड्यातून एकदा सगळे रंग असलेलं एक छोटं पान काढा. रेघा पडायला लागल्या तर आधी 'नोझल चेक' (शाईची सगळी छिद्रं चालू आहेत का ते दाखवणारं पान) छापा, मगच 'हेड क्लीनिंग'. दोन-तीनदा करूनही फरक पडला नाही तर यंत्र रात्रभर तसंच ठेवा आणि सकाळी बघा. चिडून दहा वेळा क्लीनिंग मारू नका. प्रत्येक वेळची शाई आतल्या एका शोषक पॅडमध्ये जाते, ते भरलं की यंत्र कामच थांबवतं.

लेसरमध्ये 'टोनर कमी' असा इशारा आला म्हणजे टोनर संपला असं नाही. बाहेर काढून आडवा धरून हलक्या हाताने पाच-सहा वेळा हलवा, बऱ्याचदा आणखी बरीच पानं निघतात. पान फिकट व्हायला लागेपर्यंत बदलू नका. लेसर छोट्या यूपीएसवर मात्र लावू नका. गरम होताना तो क्षणात एवढी वीज ओढतो की यूपीएस हात टेकतो.

रीफिलबद्दल, म्हणजे रिकाम्या काडतुसात पुन्हा शाई किंवा टोनर भरून घेण्याबद्दल, माझं मत थोडं कडवट आहे. दुकानदाराने "ओरिजिनल जैसा ही है, साहब" म्हणून भरून दिलेला टोनर घरी गळला आणि दहावीच्या सराव परीक्षेच्या चाळीस उत्तरपत्रिकांवर काळी पूड पसरली. (टोनर सांडला तर कोरड्या किंवा गार पाण्याच्या फडक्याने टिपा. गरम पाण्याने तो चिकटतो, आणि घरच्या व्हॅक्यूम क्लीनरने ओढू नका, पूड इतकी बारीक असते की फिल्टरमधून बाहेर उडते.) तरीही रीफिल सरसकट वाईट नाही. वॉरंटी संपलेल्या काळ्या लेसरला, एकाच ओळखीच्या माणसाकडून आणि दोन-तीनदाच भरून घेतलेलं काडतूस चालून जातं. टँकच्या यंत्रात अनोळखी शाई घालण्यात मात्र अर्थ नाही. पानाला नऊ पैसे असलेला खर्च पाच पैसे करायला अख्खं हेड पणाला का लावायचं?

ऑफिससाठी थोडं जास्त

दहा माणसांच्या ऑफिसात प्रत्येक टेबलावर स्वस्त प्रिंटर हा सगळ्यात खर्चिक प्रकार. पाच प्रकारची काडतुसं साठवायची, त्यातली दोन कायम संपलेली. एक-दोन मजबूत यंत्रं नेटवर्कवर ठेवा. महिन्याला काही हजार पानं निघत असतील तर भाड्याचं यंत्र परवडतं: पुरवठादार यंत्र, टोनर, दुरुस्ती सगळं बघतो आणि मीटर वाचून पानामागे पैसे घेतो. सही करण्याआधी करार नीट वाचा. किमान किती पानांचे पैसे द्यावेच लागतील, ए-३ चं एक पान दोन धरणार का, स्कॅनचे पैसे आहेत का, अडकून खराब झालेलं पान मोजणार का आणि बिघाड झाल्यावर माणूस किती तासांत येणार. आमच्या पहिल्या करारात किमान पानांची अट आम्ही गरजेच्या दुप्पट मान्य केली होती. वर्षभर न छापलेल्या पानांचे पैसे भरले. महिनाभराची वही आधी ठेवली असती तर ते टळलं असतं.

मोठ्या यंत्रात पिन टाकल्याशिवाय प्रिंट बाहेर येत नाही अशी सोय असते, ती सुरू करा. पाठवून विसरलेली पानं आपोआप थांबतात, शिवाय पगारपत्रक ट्रेमध्ये पडून राहत नाही. आणि पाठपोट पत्र म्हणजे बाहेरच्यांना हलकं वाटेल असं म्हणणारा एखादा वरिष्ठ असतोच. आमच्याकडेही होते. त्यांना मी सांगितलं की सर्वोच्च न्यायालयानेही २०२० मध्ये किमान ७५ जीएसएमच्या ए-४ कागदावर पाठपोट छपाई करायला सांगितली आहे. त्यावर ते काही बोलले नाहीत.

न छापलेलं पान आणि झेरॉक्सचं दुकान

सवयीने छापलं जाणारं बरंच काही छापायची गरजच नसते. रेल्वेचं ई-तिकीट मोबाइलवर आणि सोबत ओळखपत्र असलं की चालतं. डिजिलॉकरमधून आलेलं लायसन्स किंवा मार्कशीट मूळ कागदासारखंच ग्राह्य आहे. सातबाराही डिजिटल सहीचा मिळतो. समोरच्याने कागदच मागितला तर गोष्ट वेगळी, पण आधी विचारून बघा.

दुकानात छापायला जाताना फाइल पीडीएफ करून न्या, नाहीतर त्यांच्या कॉम्प्युटरवर मराठी फाँट मोडतो आणि पैसे तुमचे जातात. व्हॉट्सॲपवर आधार पाठवायचं असेल तर शेवटचे चारच आकडे दिसणारं मास्क केलेलं आधार पाठवा आणि काम झाल्यावर समोरच फाइल काढून टाकायला सांगा. शंभराच्या वर प्रती असतील तर प्रत्येक पानाची प्रिंट काढू नका. एक चांगली प्रिंट घ्या आणि बाकी झेरॉक्स, भाव जवळपास निम्मा पडतो. पाठपोटाचा वेगळा भाव आहे का तेही विचारा. कॉलेजांच्या आसपासच्या दुकानांत तो बऱ्याचदा असतो, सांगत मात्र कुणी नाही.

जुनं यंत्र टाकताना

प्रिंटर आणि त्याची काडतुसं दोन्ही ई-कचऱ्याच्या नियमांत येतात. २०२२ चे नियम १ एप्रिल २०२३ पासून लागू आहेत. भंगारवाल्याला देण्याऐवजी कंपनीच्या सेवाकेंद्रात किंवा नोंदणीकृत रिसायकलरकडे द्या. रिकामा टोनर ओल्या-सुक्या कचऱ्याच्या कुठल्याच डब्यात टाकू नका, पिशवीत बांधून ठेवा. आणि ऑफिसचं मोठं मल्टिफंक्शन यंत्र विकत असाल किंवा भाड्याचं परत करत असाल तर आधी त्यातली हार्ड डिस्क पुसून घ्या किंवा काढून घ्या. आजवर स्कॅन केलेल्या कागदांच्या प्रती तिच्यात असू शकतात, आणि परत न्यायला आलेल्या टेम्पोवाल्याला ते ठाऊक नसतं.